दान्ते फेरेत्ती: खोटी भिंत खरी कशी होते

तुझं पत्र वाचलं. कला महाविद्यालयात तिसऱ्या वर्षाला आहेस, कलादिग्दर्शनात यायचं आहे आणि जो तो तुला दान्ते फेरेत्तींचं काम बघायला सांगतो. म्हणून तू दोन गोष्टी विचारल्यास. तीन ऑस्कर मिळवणाऱ्या या इटालियन माणसाकडून नेमकं शिकायचं काय? आणि अख्खी शहरं आता संगणकावर उभी राहत असताना सुतारकाम, रंगकाम, मोल्डिंग शिकण्यात वर्षं का घालवायची? मी तीस वर्षं सेट लावतोय. माझ्या मते या दोन्ही प्रश्नांचं उत्तर एकाच जागी आहे, फक्त तिथे पोहोचायला जरा वळसा घ्यावा लागेल.

आधी ते तीन ऑस्कर बाजूला ठेव. फेरेत्तींचा जन्म २६ फेब्रुवारी १९४३चा, इटलीच्या मार्के प्रदेशात, मचेराता नावाच्या टेकडीवरच्या गावात. ऑस्करचं पहिलं नामांकन त्यांना १९९०च्या समारंभात मिळालं, ‘द अ‍ॅडव्हेंचर्स ऑफ बॅरन मुनचाउझन’साठी. पहिलं ऑस्कर हातात पडलं २००५ मध्ये, ‘द एव्हिएटर’साठी. तेव्हा ते बासष्ट वर्षांचे होते. तोपर्यंत, ते पहिलं नामांकन धरून, कलादिग्दर्शनासाठी सहा वेळा नाव यादीत आलं आणि सहाही वेळा ते रिकाम्या हाताने परतले. पुढची दोन ऑस्कर ‘स्वीनी टॉड’ आणि ‘ह्यूगो’ची. हे लक्षात ठेव, कारण आपल्याकडे येणाऱ्या मुलांना दुसऱ्याच वर्षी स्वतंत्र नाव हवं असतं.

त्यांची खरी घडण झाली ती त्याच्या कितीतरी आधी, साठच्या दशकात. मचेरातातून ते रोमला ललित कला अकादमीत शिकायला आले आणि लुईजी स्काचानोचे या कलादिग्दर्शकाच्या हाताखाली सहायक म्हणून लागले. इटालियन दिग्दर्शक पिएर पाओलो पासोलिनीचा ‘द गॉस्पेल अकॉर्डिंग टु सेंट मॅथ्यू’ (१९६४) हा त्या काळातला. येशूची गोष्ट पासोलिनीने पॅलेस्टाइनमध्ये चित्रित केली नाही. त्याने दक्षिण इटलीतलं मातेरा गाव निवडलं. डोंगराच्या अंगात कोरलेली घरं, अंगावर येणारी गरिबी. पन्नासच्या दशकात सरकारने तिथली माणसं नव्या वस्तीत हलवायला सुरुवात केली होती. पासोलिनीला त्या दगडात जेरुसलेम दिसलं.

आता सहायकाचं काम काय असतं ते तुला सांगतो. रेकीच्या, म्हणजे चित्रीकरणाची जागा बघायला जायच्या, वेळी टेप धरायचा, दरवाजाची उंची, भिंतीची जाडी, ऊन कुठून येतं ते वहीत लिहायचं. मग चौकटीत काय नको ते काढायचं: वायर, पाण्याचा नळ, पत्रा. पासोलिनीकडे हे ‘काढणं’ हीच मोठी विद्या होती. तिथे सेट बांधून कमी आणि निवडून जास्त उभा राहायचा. ‘मेदेआ’ (१९६९) या चित्रपटात मारिया कॅलास ही ऑपेरा गायिका प्रमुख भूमिकेत होती आणि इथे फेरेत्ती कलादिग्दर्शनाच्या मुख्य जबाबदारीवर आले. हा चित्रपट तू बघच. मेदेआ ही ग्रीक पुराणकथेतली नायिका; तिचा देश तुर्कस्तानातल्या कापादोकियात आहे, जिथे मऊ खडकाचे सुळके कोरून माणसांनी घरं आणि चर्च केली. कथेतली ग्रीसमधली कोरिन्थ नगरी बाहेरून दिसते ती सीरियातल्या अलेप्पोच्या किल्ल्याची, आणि कोरिन्थच्या तटाच्या आत गेलं की आपण इटलीतल्या पिसाच्या चौकात असतो. आत आणि बाहेर यांच्यात एक अख्खा समुद्र आहे. तरी बघताना मनात शंका येत नाही, कारण दगडाचा करडा-पांढरा रंग आणि उन्हाचा कोन जुळवलेला आहे. भूगोल जुळला नाही तरी चालतो, दगड जुळावा लागतो. पहिल्यांदा हे कळलं तेव्हा मी तो चित्रपट थांबवून तेवढाच भाग पुन्हा पुन्हा पाहिला होता.

त्यानंतर ‘डेकॅमेरॉन’, ‘कँटरबरी टेल्स’, ‘अरेबियन नाइट्स’. शेवटच्यासाठी येमेन, इराण, नेपाळ अशी भटकंती झाली. १९७५ मध्ये पासोलिनीचा खून झाला आणि ती शाळा संपली.

दुसरी शाळा फेदेरिको फेलिनी या इटालियन दिग्दर्शकाची, आणि ती बरोबर उलट्या टोकाची. फेरेत्ती स्वतः सांगतात की फेलिनीने त्यांना फार लवकर विचारलं होतं आणि त्यांनी नकार दिला होता: आत्ता आलो तर जळून जाईन, दहा वर्षांनी बोलवा. सत्तरच्या दशकाच्या शेवटी ‘ऑर्केस्ट्रा रिहर्सल’च्या वेळी ते काम सुरू झालं आणि फेलिनीच्या अखेरच्या ‘द व्हॉइस ऑफ द मून’ (१९९०) पर्यंत चाललं. आपली तयारी किती झाली आहे हे तिशीच्या आत ओळखणं आणि फेलिनीला थांबायला सांगणं, यात मला त्यांची सगळ्यात मोठी समज दिसते. मी स्वतः अशी एक संधी घाईने घेतली होती. पौराणिक मालिकेचा दरबार, वय अठ्ठावीस, हाताखाली साठ माणसं. नकाशा माझा होता, पण कोणत्या खांबाला किती बल्ल्या लागतील आणि मोल्डिंगचं पीओपी पावसाळ्यात सुकायला किती दिवस घेईल, हे मला माहीत नव्हतं. तीन दिवस शूटिंग थांबलं. चूक माझी होती, आणि ती पुसायला मला चार वर्षं पुन्हा दुसऱ्याच्या हाताखाली काम करावं लागलं.

फेलिनीला खरी जागा नकोच असायची. रोमच्या बाहेरच्या चिनेचित्ता स्टुडिओतला पाच क्रमांकाचा फ्लोअर, म्हणजे चित्रीकरणाचा बंदिस्त हॉल, हे त्याचं घर होतं. सुमारे ऐंशी मीटर लांब, तिथला सर्वांत मोठा. ‘अँड द शिप सेल्स ऑन’ (१९८३) मध्ये १९१४ सालची एक आगबोट एका गायिकेच्या अस्थी विसर्जित करायला निघते. ती बोट फ्लोअरवर बांधली आणि तिला हायड्रॉलिक यंत्रणेवर डोलवलं. समुद्र केला प्लास्टिकच्या कापडाचा. सूर्य आणि चंद्र रंगवलेले. आणि शेवटी कॅमेरा मागे येतो, तेव्हा यंत्रणा, दिवे, कामगार, सगळा पसारा उघड दिसतो. सेट खोटा आहे हे दाखवूनही प्रेक्षक बोटीवरच्या माणसांसाठी हळहळतो. याचं कारण मला बऱ्याच उशिरा समजलं. तो प्लास्टिकचा समुद्र खऱ्या समुद्राची नक्कल करतच नाही. तो त्या गोष्टीतला समुद्र आहे, आणि बोट, आकाश, कपडे, चेहरे सगळे त्याच सुरात आहेत. एकच वस्तू बेसूर लागली असती, म्हणजे त्या प्लास्टिकवर कुणी खरं पाणी शिंपडलं असतं, तर सगळं कोसळलं असतं.

फेरेत्तींनी मुलाखतींतून सांगितलेली आणखी एक आठवण इथे सांगण्यासारखी आहे. फेलिनी रोज विचारायचा, काल रात्री काय स्वप्न पडलं? रोज कुठून आणणार? मग ते स्वप्नं रचून सांगायला लागले. फेलिनीला हे कळत असणारच. पण तीच तालीम होती: सेट कागदावर येण्याआधी तो तोंडी, एखाद्या घडलेल्या गोष्टीसारखा सांगता आला पाहिजे.

या दोन शाळा एकत्र आलेल्या मला पहिल्यांदा दिसतात ‘द नेम ऑफ द रोझ’ (१९८६) मध्ये. उंबेर्तो इकोची कादंबरी, चौदाव्या शतकातला ख्रिस्ती मठ, दिग्दर्शक ज्याँ-जाक आनो. मठाचं बाहेरचं रूप रोमजवळच्या टेकडीवर बांधलं, आतले काही भाग जर्मनीतल्या एबरबाखच्या खऱ्या मठात चित्रित झाले. निवड आणि बांधणी शेजारी शेजारी. पण खरा धडा ग्रंथालयाचा आहे. कादंबरीत तो भूलभुलैया एका मजल्यावर पसरलेला आहे. वाचताना ते जमतं, कारण वाचक मनात नकाशा काढत जातो. कॅमेऱ्याला मात्र एका खोलीतून दुसरीत गेलं की पहिली दिसेनाशी होते. दहा खोल्या दाखवल्या तरी प्रेक्षकाला एकच खोली दहा वेळा पाहिल्यासारखी वाटेल. म्हणून पडद्यावरचं ग्रंथालय उभं केलं: एकावर एक मजले, एकमेकांना छेदणारे जिने. एका चौकटीत वरचा माणूस, खालचा माणूस आणि दोघांना एकमेकांपर्यंत पोहोचता न येणं, तिन्ही दिसतात. हरवणं दाखवायचं असेल तर आधी अंतर दाखवावं लागतं. कादंबरीशी प्रामाणिक राहून नकाशा आडवा ठेवला असता, तर कादंबरीच हातातून निसटली असती.

आता अमेरिकन दिग्दर्शक मार्टिन स्कॉर्सेसी. ‘द एज ऑफ इनोसन्स’ (१९९३) पासून ‘सायलेन्स’ (२०१६) पर्यंत नऊ चित्रपट. सगळ्यांवर लिहीत बसत नाही. ‘द एव्हिएटर’मध्ये कथेच्या काळाप्रमाणे रंगही बदलतात. सुरुवातीच्या भागात दोन-रंगी टेक्निकलर या जुन्या रंगीत चित्रपटांच्या पद्धतीची छटा आहे, ताटातले वाटाणे निळसर दिसतात. तिथे भिंतीचा रंग डोळ्याला काय दिसतो यावर न ठरवता पडद्यावर काय होईल यावर ठरवावा लागतो. ‘कुंदुन’ (१९९७) साठी दलाई लामांचं ल्हासा मोरोक्कोत उभं केलं, आणि तिथे वेशभूषाही फेरेत्तींचीच होती. दोन्हींसाठी वेगवेगळी नामांकनं मिळाली. भिक्षूच्या वस्त्राचा रंग आणि भिंतीचा रंग एकाच माणसाच्या डोक्यातून आले की काय होतं, ते त्या चित्रपटात बघ.

पण थांबायचं ते ‘गँग्ज ऑफ न्यूयॉर्क’ (२००२) पाशी. मॅनहॅटनमधली फाइव्ह पॉइंट्स ही वस्ती आज अस्तित्वात नाही. गोष्ट १८४६ला सुरू होते आणि १८६३च्या दंगलीपर्यंत जाते. त्या वस्तीचे त्या काळातले फोटो जवळजवळ नाहीत. हाताशी येतात ती कोरीव चित्रं, वर्णनं, आणि जेकब रीसने काढलेले गरीब वस्त्यांचे फोटो, जे त्यानंतर पंचवीस-तीस वर्षांनी काढलेले आहेत. न्यूयॉर्कमध्ये हे उभं करणं शक्य नव्हतं, म्हणून अख्खी वस्ती, चौक, बंदर, श्रीमंतांचे रस्ते हे सगळं रोमला, चिनेचित्तात बांधलं. इटलीचे सुतार आणि रंगारी अमेरिकेचं हरवलेलं गाव बांधत होते. ‘स्टार वॉर्स’वाला दिग्दर्शक जॉर्ज लुकास सेट बघायला आला आणि म्हणाला की असे सेट आता संगणकावर होतात. हा तुझाच प्रश्न आहे, आणि तो तेव्हाच विचारला गेला होता.

सुरुवातीचा प्रसंग आठव. ‘ओल्ड ब्रुअरी’ ही फाइव्ह पॉइंट्समधली खरी इमारत होती. मद्याच्या कारखान्याची पुढे गरिबांची कोंदट चाळ झाली होती. चित्रपटात आपण तिच्या पोटातून चालत येतो. गुहेसारखा तपकिरी अंधार, मशाली, लाकडाचे माळे, माणसं हत्यारं परजतायत. मग लाथेने दार उघडतं आणि बाहेर पांढराशुभ्र बर्फ आणि मोकळा चौक. त्या एका दारासाठी दोन जगं बांधली आहेत. नटाने लाथ मारली ते लाकूड जड होतं, त्याच्या खांद्याला ते कळलं, आणि डोळे खरोखर दिपले. संगणक मागची क्षितिजं वाढवू शकतो, त्या चित्रपटातही बंदराचा काही भाग तसा वाढवलेला आहे, आणि त्यात काही गैर नाही. पण ज्याला नटाचा हात लागतो, पाय लागतो, पाठ टेकते, ते बांधावंच लागतं. ‘स्वीनी टॉड’ या संगीतपटासाठीही आधी विचार होता तो बराचसा सेट हिरव्या पडद्यावर, म्हणजे मागाहून संगणकाने भरण्यावर, सोडण्याचा. तो सोडून देऊन लंडनजवळच्या पाइनवुड स्टुडिओत गल्ल्या आणि दुकानं बांधली. गाणाऱ्या नटाला अंगाभोवती भिंत लागते. जवळजवळ रंगहीन केलेल्या त्या लंडनमध्ये मग रक्ताचा लाल एवढा एकच रंग ओरडतो.

फेरेत्तींचं आणखी एक म्हणणं माझ्या फार उपयोगी पडलं. ते म्हणतात की मी त्या काळातला वास्तुरचनाकार असल्यासारखा विचार करतो, आणि मुद्दाम काही चुका ठेवतो, कारण सगळं अचूक झालं की ते खोटं दिसतं. हे मी वाचलं त्याआधी माझ्यावर गुदरलं होतं. पेशवाईतल्या वाड्याचा सेट लावला होता. ओटी, चौक, माजघर, देवघर. मापं मी प्रत्यक्ष वाड्यांतून घेतली होती, खांबांची नक्षी तंतोतंत होती. छायाचित्रकार आत आले, शांतपणे फिरले आणि म्हणाले, "घर सुंदर आहे, पण इथे कुणी राहत नाही." मला राग आला. आमच्यातले एक वयस्कर सुतार काही न बोलता रंधा घेऊन बसले आणि उंबरठ्याचा मधला भाग तासून खोलगट केला. मग कोनाड्याच्या वरच्या अंगाला पणतीची काजळी धरली. कडीच्या भोवती हातांचा तेलकट डाग केला, तोही उजवीकडे जास्त, कारण बहुतेक माणसं उजव्या हाताने दार ओढतात. एक पायरी बाकीच्यांपेक्षा बोटभर उंच केली. दुपारपर्यंत तिथे चार पिढ्या राहून गेल्या होत्या. जुनं दिसायला हवं म्हणून सगळीकडे सारखा काळपट वॉश मारायची जी सवय आपल्याकडे आहे, तिने काहीच जुनं होत नाही, फक्त मळकं होतं. झीज माणसाच्या सवयीच्या जागी होते, आणि ती सवय आधी आपल्याला माहीत असावी लागते.

इथेच फ्रान्चेस्का लो स्कियाव्हो यांचं नाव घेतलं पाहिजे. त्या फेरेत्तींच्या पत्नी, सेट डेकोरेटर, आणि तिन्ही ऑस्कर दोघांना मिळून आहेत. फेरेत्ती भिंती उभ्या करतात आणि लो स्कियाव्हो त्यांच्यात माणूस आणतात: पडदे, भांडी, टेबलावर अर्धवट लिहिलेलं पत्र. आपल्याकडे या कामाला नुसतं प्रॉपर्टी म्हणतात आणि शेवटच्या रात्री, उरलेल्या पैशांत उरकतात. तू मुख्य कलादिग्दर्शक झालीस की पहिल्या दिवसापासून या माणसाला शेजारी बसव आणि श्रेयनामावलीत त्याचं नाव मागे पडू देऊ नकोस.

‘ह्यूगो’ (२०११) बद्दल थोडं. १९३१ सालचं पॅरिस, माँपार्नास स्टेशन, आणि तिथे खेळण्यांचं दुकान चालवणारा म्हातारा ज्योर्ज मेलिएस, जो एके काळी चित्रपटांचा जादूगार होता. ते जुनं स्टेशन साठच्या दशकात पाडलं गेलं. फेरेत्तींनी इंग्लंडमधल्या शेपर्टन स्टुडिओत नवं बांधलं. चित्रपट त्रिमितीत होता, त्यामुळे घड्याळांमागचे जिने, चक्रं, बोळ यांना खरी खोली द्यावी लागली. तिथे रंगवलेली खोली लगेच उघडी पडते. आणि मग मेलिएसचा काचेचा स्टुडिओ येतो, जो त्याने पॅरिसजवळ १८९७ मध्ये बांधला होता. सूर्यप्रकाश आत यावा म्हणून काचेचं छप्पर. त्यात रंगवलेले पडदे, पुठ्ठ्याचे खडक, कागदाचे मासे. सगळी कारकीर्द खोटी जगं खरी करण्यात घालवलेला माणूस चित्रपटसृष्टीतल्या पहिल्या खोट्या जगाची पुनर्बांधणी करतोय. तो प्रसंग मी कधीच कोरड्या डोळ्यांनी पाहू शकलो नाही.

ही परंपरा परकी आहे असं समजू नकोस. कोल्हापुरात बाबूराव पेंटर पडदे रंगवता रंगवता चित्रपटाकडे वळले, त्यांच्या हाताखाली दामले आणि फत्तेलाल घडले. प्रभातचा कला विभाग फत्तेलालांचा. या दोघांनी दिग्दर्शित केलेला ‘संत तुकाराम’ १९३७ मध्ये इटलीतल्याच व्हेनिस महोत्सवात गौरवला गेला. पुण्यात प्रभातच्या त्याच जागेवर आज फिल्म इन्स्टिट्यूट आहे आणि तिथे कलादिग्दर्शनाचा अभ्यासक्रमही आहे. शक्य असेल तर प्रवेश परीक्षा दे. नाही जमलं तर एखाद्या चांगल्या कलादिग्दर्शकाकडे टेप धरायला लाग. दोन्हींपैकी दुसरं टाळता येणार नाही.

संगणक शीक, जरूर शीक. मी उशिरा शिकलो त्याचा तोटा झाला. पण या सुट्टीत एक काम कर. ‘मेदेआ’मधला कोरिन्थ आणि ‘नेम ऑफ द रोझ’चं ग्रंथालय आवाज बंद करून बघ, आणि प्रत्येक चौकटीत प्रकाश कुठून येतो एवढंच वहीत लिही. मग तुझ्या आजोळच्या किंवा ओळखीच्या एखाद्या जुन्या घरात जा. एकच दरवाजा निवड. त्याची उंची, चौकटीची जाडी, उंबरठ्याची मधली झीज मोज, कडी कुठे काळी पडली आहे, लहान मुलांच्या हातांचे ठसे किती उंचीवर आहेत ते बघ. सगळ्या मापांसकट त्याचं चित्र काढ आणि शेजारी एका परिच्छेदात लिही की या दारातून रोज कोण कोण जात असेल. ते मला पाठव. आपण तिथून पुढे बोलू.